तो आपला चाललाय

समुद्रातल्या सापाला गोष्टीत नेहमी काहीतरी काम नेमून दिलेलं असतं. नॉर्स पुराणकथांमधला योर्मुंगांद्र साऱ्या पृथ्वीला वेढा घालून पडलेला असतो आणि जगाच्या अखेरीस त्याला थोरशी झुंजायचं असतं. ओलाउस माग्नुसने १५३९ साली उत्तरेकडच्या देशांचा जो नकाशा छापला, त्या 'कार्टा मरीना'त नॉर्वेच्या किनाऱ्यालगत एक साप जहाजाला विळखा घालून बसलेला आहे. सी. एस. लुईसच्या १९५२ सालच्या 'द व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर'मध्येही नार्नियाच्या जहाजाला असाच विळखा पडतो आणि सगळ्यांनी मिळून तो ढकलून द्यावा लागतो. आपल्याकडे निराळं काही नाही. शेषाने विष्णूला शय्या पुरवायची. वासुकीने मंदार पर्वताभोवती दोर होऊन देवदानवांचे हिसके सोसायचे. कालियाने यमुनेचं पाणी नासवायचं, मग कृष्णाने त्याच्या फण्यांवर नाचून त्याला समुद्रात घालवून द्यायचं. कोणी बिछाना, कोणी दोरखंड, कोणी शत्रू. बिनकामाचा समुद्रसर्प कल्पित जगात सहसा भेटत नाही.

मला तो एका ठिकाणी भेटला. सॅम्युअल टेलर कोलरिजच्या 'द राइम ऑफ द एन्शंट मरिनर' या दीर्घ कवितेच्या चौथ्या भागात रात्रीच्या समुद्रावर काही साप येतात. ते चमकतात. ते कोणावर चालून येत नाहीत, कोणाशी बोलत नाहीत, वर देत नाहीत, शाप देत नाहीत, रत्नं राखत नाहीत. जहाजावरून एक माणूस आपल्याकडे बघतो आहे, याचाही त्यांना पत्ता नाही. तरी सात भागांची ती सगळी कविता त्यांच्यापाशी येऊन वळते. गेली चार वर्षं मी या कवितेचा मराठी अनुवाद करते आहे आणि त्यातली निम्मी तरी वर्षं या सापांपाशी अडकून गेली. त्या अडकण्याविषयी आणि ते कसं सुटलं त्याविषयी लिहायचं आहे.

कविता १७९८ साली 'लिरिकल बॅलड्स' या संग्रहात पहिल्यांदा छापली गेली. भारतातल्या इंग्रजीच्या वर्गांमधून ती पिढ्यान्‌पिढ्या शिकवली गेली आहे, तरी थोडक्यात सांगते. लग्नघरी निघालेल्या एका पाहुण्याला म्हातारा खलाशी वाटेत अडवतो आणि आपली हकीकत ऐकवतो. त्याचं जहाज दक्षिणेला बर्फात सापडतं. अल्बट्रॉस पक्षी येतो, बर्फ फुटतो, वारा सुटतो. खलाशी काही कारण नसताना त्या पक्ष्याला बाण मारतो. पुढे प्रशांत महासागरात जहाज वाऱ्यावाचून ठप्प होतं. प्यायला पाणी उरत नाही. सोबती तो मेलेला पक्षी त्याच्या गळ्यात अडकवतात आणि नंतर एकामागून एक असे दोनशे जण मरून पडतात. उरतो तो एकटा. सात दिवस, सात रात्री मेलेल्यांचे उघडे डोळे त्याच्यावर रोखलेले. त्याला प्रार्थना करायची असते आणि ती येत नाही. आतून माणूस कोरडा ठणठणीत झालेला असतो.

साप त्या समुद्रात आधीपासून आहेत असं म्हणायला जागा आहे. दुसऱ्या भागात खलाशी बुळबुळीत पाण्यावरून सरपटणाऱ्या बुळबुळीत जिवांविषयी किळसेने बोलतो. चौथ्या भागाच्या सुरुवातीलाही त्याला त्यांचा राग येतो. एवढी देखणी माणसं मेली आणि ही वळवळ तेवढी जिवंत राहिली, आणि मीही राहिलो, असा तो राग आहे. मग चंद्र वर येतो. पाणी तेच आहे, कदाचित जीवही तेच आहेत, पण आता त्याला ते साप म्हणून दिसतात. त्यांच्या अंगाचे रंग दिसतात. ते सुंदर आहेत हे त्याला कळतं आणि नकळत त्याच्या मनातून त्यांच्यासाठी काहीतरी चांगलं निघतं. त्याच क्षणी प्रार्थना येते, गळ्यातला पक्षी सुटून समुद्रात पडतो. पुढच्या भागात त्याला झोप लागते आणि पाऊस येतो.

कोलरिजने हे लिहिलं तेव्हा तो पंचविशीत होता आणि खोल समुद्र त्याने पाहिलेला नव्हता. जर्मनीला जाणाऱ्या जहाजावर तो चढला तो १७९८ च्या सप्टेंबरात, कविता लिहून झाल्यावर. हे साप त्याने पुस्तकांमधून गोळा केले. जॉन लिव्हिंगस्टन लोझ या हार्वर्डच्या प्राध्यापकाने १९२७ साली 'द रोड टू झनाडू' या जाडजूड ग्रंथात त्याच्या वाचनाचा माग काढला. कॅप्टन कुकच्या तिसऱ्या सफरीच्या वृत्तांतात निवांत समुद्रावरची बुळबुळ आणि त्यात पोहणारे चमकते जीव आहेत. जोसेफ प्रीस्टलीच्या प्रकाशविषयक ग्रंथात समुद्राच्या उजेडाचं प्रकरण आहे. तिथे एक नाव येतं, फादर बूर्झ. हा फ्रेंच जेझुइट हिंदुस्थानात धर्मकार्यासाठी येत असताना जहाजाच्या मागे उजळणारं पाणी रात्र रात्र बघत बसला. त्याचं पत्र १७१३ साली लंडनच्या 'फिलॉसॉफिकल ट्रान्झॅक्शन्स'मध्ये इंग्रजीत छापलं गेलं. मासे पोहताना मागे उजेडाची अशी रेघ सोडत की त्यावरून त्यांचा आकार आणि जात ओळखता येई, हे निरीक्षण त्याचं आहे. म्हणजे कोलरिजच्या सापांमागे जी चमकती वाट उमटते, तिचा एक धागा हिंदी महासागरातून गेलेला आहे. मी कोचीत राहते, इथल्या कॉलेजात इंग्रजी शिकवते. माझ्या खिडकीपासून तो समुद्र फार लांब नाही. हे वाचलं तेव्हा मला त्या कवितेवर थोडा हक्क सांगावासा वाटला.

त्या कडव्यांमध्ये दोन उजेड आहेत आणि भरभर वाचणाऱ्याला ते एकच वाटतात. जहाजाच्या सावलीबाहेर, चांदण्यात, साप पांढरे दिसतात. त्यांनी अंग वर उचललं की उजेडाचे कण हिमासारखे झडतात. सावलीच्या आत मात्र ते निळे, हिरवे, मखमली काळे दिसतात आणि जिकडे जातात तिकडे सोनेरी आग उमटते. बाहेरचा उजेड चंद्राचा, आतला त्यांच्या हालचालीचा. हे निरीक्षण शास्त्रालाही पटण्यासारखं आहे. समुद्राच्या पाण्यात नॉक्टिल्युकासारखे एकपेशीय जीव असतात. ते डिवचले गेले की पेशीतल्या रसायनांची क्रिया होऊन क्षणभर निळसर उजेड पडतो. चांदण्यात तो बुडून जातो, अंधारातच दिसतो. स्वतःच्या अंगातून उजेड पाडणारा समुद्रसाप कोणाला ठाऊक नाही. साप नुसता जातो. त्याच्या जाण्याने पाणी उजळतं. आणि ते उजळणं खलाशाला दिसतं ते जहाजाच्या सावलीत, म्हणजे जिथे त्याच्याच जहाजाने अंधार पाडलेला आहे तिथे.

एवढं समजलं, पण सापासाठी शब्द मिळेना. कोलरिज त्यांना साधं, पाण्यातले साप म्हणतो. मराठीत पाणसाप म्हटलं की विहिरीच्या कडेचा विरोळा डोळ्यांपुढे येतो. तो गरीब, बिनविषारी, पोरांनी दगड मारायचा. समुद्रसर्प म्हटलं की अजस्र धूड येतं आणि त्यासोबत विळखा येतो, लढाई येते. नाग म्हटलं तर विचारायलाच नको. नागपंचमी येते, लाह्या-दूध येतं, हात आपोआप जोडले जातात. खलाशी ज्या क्षणी काही न ठरवता, काही न मागता नुसता बघतो, त्या क्षणाला आधीच हात जोडलेले असून चालत नाही. आमच्या कॉलेजात मलयाळम शिकवणाऱ्या मैत्रिणीला मी विचारलं. ती म्हणाली, 'कडल्पांब. समुद्राचा साप. त्यात काय अडचण आहे?' तिच्या भाषेत अडचण नव्हती. माझ्या भाषेतला प्रत्येक साप मात्र हातात काम घेऊन यायचा.

याच सुमारास बाबा माझ्याकडे राहायला आले. आई गेली होती. रत्नागिरी जिल्ह्यातलं आमचं घर बंद करून त्यांना इकडे आणण्याखेरीज दुसरा मार्ग नव्हता. बाबांची तीस वर्षं मालवाहू जहाजांवर गेली, इंजिन रूममध्ये, ऑइलर म्हणून. मी लहान असताना वर्षातले आठ-नऊ महिने ते घरी नसायचे. घरी असले की पहाटे आंघोळ करून तासभर देवापाशी बसायचे. जहाजावरसुद्धा बंकच्या डोक्याशी गणपतीचं चित्र लावलेलं असे. आई गेल्यानंतर त्यांनी ते बसणं बंद केलं. कोचीला येताना देव मी बांधून आणले, बाबांनी नाही. इथे स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात मी ते मांडले. ते तिकडे फिरकत नसत. दोन-तीन महिने गेल्यावर मी एकदा विचारलं, 'बाबा, बसत का नाही हो तुम्ही?' ते म्हणाले, 'हात जोडले की नुसते हातच जोडले जातात, बाय. पुढे काही जात नाही.' मी पुन्हा विचारलं नाही.

मला कवितेतला खलाशी आठवला हे खरं. पण बाबांचा आणि त्याचा काही संबंध नव्हता. बाबांनी कोणाला मारलेलं नव्हतं. त्यांच्या हातून काही चुकलेलंही नव्हतं. आई आजारी होती आणि गेली, एवढंच. कोरडेपणा मात्र तोच असावा. अपराध केल्यावरच माणूस आतून सुकतो असं थोडंच आहे?

अनुवादाचे कच्चे कागद मी त्यांना वाचून दाखवू लागले ते वेगळ्या कारणाने. मला खलाशी माणूस हवा होता. डोलकाठी, शीड, सुकाणू हे शब्द कोशात मिळतात, पण समुद्रावर माणसं काय म्हणतात ते कोशात नसतं. बाबा पहिल्याच दिवशी म्हणाले, 'मला काय विचारतेस? तीस वर्षांत समुद्र मी फार थोडा बघितला. आम्ही खाली. खाली तेल, उष्मा आणि आवाज.' तरी ते ऐकायचे. पक्षी मारल्याचा भाग ऐकून त्यांना राग आला. 'डेकवरची माणसं असलंच काहीतरी करतात,' म्हणाले. जहाज ठप्प होतं त्या ठिकाणी त्यांनी मला थांबवलं आणि सांगितलं, 'इंजिन बंद पडलं की बोटीवर जी शांतता होते ना, ती कानाला दुखते. हे त्यात लिही.' मूळ कवितेत ते नाही. मी लिहिलं नाही, पण त्या कडव्यांमधले दोन नाद बदलले.

जळणाऱ्या पाण्याची कडवी वाचली तेव्हा ते बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, 'आमच्या वेळी एकदा पाणी पांढरं झालं होतं.' पावसाळ्याचे दिवस, एडनची वाट. बारा ते चारचा वॉच संपवून ते वर आले तर सगळीकडे दूध. लाट नाही, फेस नाही, क्षितिजापर्यंत एकसारखं पांढरं पाणी. आभाळ काळं आणि समुद्र उजेडाचा. डेकवर दहा-बारा माणसं उभी होती आणि कोणी बोलत नव्हतं. दूध-समुद्राच्या अशा हकीकती खलाशी शेकडो वर्षं सांगत आले आणि जमिनीवरच्या लोकांना त्या थापा वाटत राहिल्या. १९९५ च्या जानेवारीत 'लिमा' नावाच्या ब्रिटिश जहाजाने सोमालियाच्या किनाऱ्याबाहेर असं पाणी पाहिल्याची नोंद केली. दहा वर्षांनी स्टीव्हन मिलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जुनी उपग्रहचित्रं तपासली, तेव्हा त्याच जागी, त्याच रात्री सुमारे १५,४०० चौरस किलोमीटर समुद्र उजळलेला दिसला. तो उजेड चमकून विझणारा नसतो. असंख्य जिवाणू मिळून तो अखंड तेवत ठेवतात. मी हे बाबांना वाचून दाखवलं. त्यांना त्याचं फारसं काही वाटलं नाही. 'बघितलं होतं मी,' एवढंच म्हणाले.

मग मी साप काढले. माझी अडचण सांगितली. पाणसाप, समुद्रसर्प, नाग, तिन्ही शब्द त्यांच्यापुढे ठेवले. मस्कतच्या बाहेर जहाज नांगरून पडलेलं असताना त्यांनी दिवसाढवळ्या साप पाहिले होते. मी विचारलं, काय करत होते?

'काय करणार? वर यायचा, श्वास घ्यायचा, खाली जायचा. आम्ही वाकून बघतोय, कोणी पाव फेकतोय, त्याचं लक्षच नाही. तो आपला चाललाय.'

समुद्रसाप हा बाबांनी सांगितला तसाच प्राणी आहे. त्याचं शेपूट वल्ह्यासारखं चपटं असतं, पण फुप्फुसं आपल्यासारखी, म्हणून श्वासाला वर यावंच लागतं. विष अतिशय जहाल, तरी चावण्याची घाई नसते. आपल्या किनाऱ्यांवर तो बहुधा माणसाला भेटतो तो जाळ्यात, मासळीसोबत ओढला गेलेला. त्यात कित्येक गुदमरून मरतात. जे जिवंत असतात त्यांना शेपटीला धरून पुन्हा पाण्यात भिरकावतात. कायद्याने त्याला संरक्षण आहे. बाजारात त्याला किंमत नाही. मच्छीमाराच्या हिशेबात तो नाही आणि त्याच्या हिशेबात मच्छीमार नाही.

बाबांचं ते वाक्य माझ्या कानात राहिलं. तो आपला चाललाय. मराठी माणूस दिवसातून दहा वेळा असं बोलतो. मी आपली विचारतेय. तो आपला गप्प बसला. पोरं आपली खेळतायत. हा 'आपला' इथे काही सांगत नाही असं वाटतं. तो काढून टाकला तरी वाक्याचा अर्थ बुडत नाही. पण काढला की एक गोष्ट जाते. जो कोणी चाललाय तो स्वतःच्या नादात चाललाय, त्याला आपल्याकडून काही नको आहे आणि बोलणाऱ्याची त्याला हरकत नाही, हे सगळं त्या तीन अक्षरांत आहे. हिंदीतल्या 'अपना'लाही ही लकब थोडीफार आहे. आणि हाच शब्द दुसरीकडे अगदी उलट काम करतो. आपला म्हणजे तुझा आणि माझा, दोघांचा मिळून. आपलं घर, आपला माणूस. ऐकणाऱ्याला आत घेणारा 'आपण' आणि त्याला बाहेर ठेवणारा 'आम्ही' हा भेद मराठीत आहे, तसाच मलयाळममध्ये 'नम्मळ' आणि 'ञङ्ङळ' असा आहे. मैत्रिणीला मी हे समजावून सांगितलं तेव्हा ती हसली. म्हणाली, 'म्हणजे तुमचा साप एकाच शब्दात परकाही आणि घरचाही?'

मला वाटतं, कोलरिजच्या त्या कल्पित समुद्रात सापाची जागा नेमकी हीच आहे. त्या जगात इतर सगळ्यांना खलाशाशी काहीतरी देणंघेणं आहे. पक्ष्याचा सूड घेणारा एक आत्मा जहाजाच्या खाली नऊ वाव खोल येतो आहे. मृत्यू आणि जीवन्मृत्यू फासे टाकून माणसं वाटून घेतात. मेलेल्यांचे डोळेही त्याला शाप देत राहतात. चहूबाजूंनी हिशेब चाललेला. त्या हिशेबात नसलेले फक्त साप आहेत. त्यांना त्याची शिक्षा ठाऊक नाही, सुटका ठाऊक नाही. म्हणून त्यांच्याकडे बघताना तोही घटकाभर हिशेबातून बाहेर पडतो. त्याने आपलं पाप आठवून पश्चात्ताप केला असता तर तोही एक व्यवहार झाला असता. इथे तो स्वतःला विसरतो. त्याच्यावाचून चाललेलं एक जग त्याला दिसतं, ते सुंदर असतं आणि आपण त्यात नाही याचं त्याला वाईट वाटत नाही.

तेव्हा सापाला मी नाव देणं सोडलं. अनुवादात ते आता नुसते 'साप' आहेत, समुद्राचे म्हणून वेगळं सांगायची गरज नाही, समुद्र तिथे आहेच. बाकीचं सगळं काम 'ते आपले चालले होते' या चार शब्दांवर सोपवलं. मूळ ओळीत हे शब्द नाहीत, असं कोणी म्हणेल. बरोबर आहे. मूळ इंग्रजीला त्यांची गरज नव्हती, कारण त्या भाषेतल्या सापाच्या डोक्यावर पृथ्वी ठेवलेली नाही. आमच्या सापाच्या डोक्यावरून ती आधी उतरवून ठेवावी लागते.

दुसरी अडचण आशीर्वादाची होती. खलाशी सापांना जे देतो त्याला इंग्रजीत आशीर्वादाचाच शब्द आहे. पण मराठीत आशीर्वाद वरून खाली येतो. थोरला धाकट्याला देतो, साधू संसारी माणसाला देतो, हात वर उचलून. गळ्यात मढं अडकवलेला, तहानेने जीभ काळी पडलेला हा माणूस कोणाला आशीर्वाद देणार? दुवा शब्द जवळचा वाटला, पण दुवा द्यायला मध्ये देव लागतो आणि अजून तो आलेला नाही. त्या उन्हाळ्यात याचंही उत्तर मिळालं, मी शोधत नसताना.

कोचीच्या दक्षिणेला कुंबळंगी नावाचं गाव आहे, खाडीच्या पाण्याने वेढलेलं. उन्हाळ्यात पाण्यातला खारटपणा वाढला की तिथल्या खाडीत रात्री उजेड पडतो. त्याला इथले लोक 'कवरु' म्हणतात. २०१९ साली 'कुंबळंगी नाइट्स' हा सिनेमा आला आणि तो शब्द केरळभर झाला. तेव्हापासून उन्हाळ्यातल्या अंधाऱ्या रात्री लोक गाड्या भरभरून तिथे जातात. माझ्या भाषेत ज्या गोष्टीला मला शब्द सापडत नव्हता तिच्यासाठी इथे शेजारच्या गावात दोन-तीन अक्षरी, घरगुती शब्द होता आणि मी वीस वर्षं इथे राहून तो सिनेमातून शिकले. एप्रिलमधल्या एका अमावास्येला बाबांना घेऊन गेले. ते यायला फारसे राजी नव्हते. गर्दीपासून लांब जावं म्हणून आम्ही छोटी होडी केली. होडीवाल्याने वल्हं पाण्यात टाकलं आणि पाणी निळं होऊन विझलं. मासे आमच्या चाहुलीने पळत होते आणि प्रत्येकाच्या मागे एक रेघ उमटून मिटत होती. आखूड रेघ, लांब रेघ, मध्येच वळलेली. फादर बूर्झचं म्हणणं मला त्या रात्री पटलं. माहीत असतं तर मलाही मासा ओळखता आला असता.

बाबांनी पाण्यात हात घातला. मनगटापर्यंत उजेड चढला. ते हात हलवायचे, थांबायचे, पुन्हा हलवायचे. बऱ्याच वेळाने म्हणाले, 'तुझ्या आईला त्या दुधाच्या समुद्राचं सांगितलं होतं मी. तिला खोटं वाटायचं. म्हणायची, बोटीवर दारू पिऊन बघितलं असेल.' आणि हसले. आई गेल्यापासून त्यांनी आपणहून तिच्याविषयी काढलेलं हे पहिलं वाक्य होतं. मग एक मासा होडीच्या अगदी बाजूने सरळ रेघ ओढत गेला. त्याच्या दिशेने बघत बाबा पुटपुटले, 'बरं असो बाबा तुझं.' कोणाला ऐकवायचं म्हणून नाही. आपण काही बोललो हे त्यांना कळलं असेल असंही मला वाटत नाही.

माझ्या अनुवादात खलाशी आता सापांना आशीर्वाद देत नाही. त्यांचं बरं असो, एवढंच त्याच्या तोंडून जातं. वर नाही, खाली नाही. वाटेत भेटलेल्या आणि पुढे निघून गेलेल्या कोणालाही माणूस हे म्हणू शकतो.

बाबा त्यानंतर देवापाशी बसू लागले असं लिहायला मला आवडलं असतं, पण तसं झालं नाही. दिवा अजून मीच लावते. आईविषयी ते बोलतात मात्र, कधी जेवताना, कधी मध्येच. तिची भांडणं सांगतात. माझ्या लहानपणी तिने एकटीने काय काय निभावलं ते आता मला त्यांच्याकडून कळतं. त्यांना स्वतःलाही ते तिच्याच पत्रांतून कळलं होतं.

कोलरिजची कविता शेवटी उपदेशाकडे येते. सर्व प्राणिमात्रांवर प्रेम करावं, अशा अर्थाचं खलाशी बोलतो आणि लग्नाचा पाहुणा उदास, पण शहाणा होऊन परततो. पुढे १८३० साली बोलताना कोलरिजने म्हटलं होतं की या कवितेत बोध आहे तो जास्तच झाला. त्याच्या मते ती अरेबियन नाइट्समधल्या एका गोष्टीइतकीच बोधरहित असायला हवी होती. त्या गोष्टीत एक व्यापारी विहिरीपाशी बसून खजूर खातो, बिया भिरकावतो, आणि एक जिन उभा राहून सांगतो, तुझ्या बीने माझ्या मुलाचा डोळा गेला, आता तुला मारणं भाग आहे. कवीचं हे म्हणणं मी अनुवाद करताना समोर ठेवलं आहे. सातव्या भागातला उपदेश मी गाळणार नाही, तो अधिकार मला नाही. पण चौथ्या भागात त्याची सावली पडू देणार नाही. तिथे साप येतात, अंगाखालचं पाणी उजळत जातात आणि कोणाला काही शिकवत नाहीत.

सातवा भाग अजून व्हायचा आहे. संध्याकाळी वाचायला घेतला की बाबा ऐकतात, मध्ये मध्ये चुका काढतात. किनारा आला की खलाशाच्या बोलण्यात इतका धर्म का येतो, असं त्यांनी परवा विचारलं. मी म्हटलं, जमीन दिसली ना. ते म्हणाले, 'हां. तेव्हा येतोच.'